गोळी, काडतूस आणि आग: नाशिककर वारंवार विचारतात ते प्रश्न

मी भगूरला लहानाची मोठी झाले. देवळालीच्या रेंजवर, म्हणजे लष्कराच्या तोफांच्या सरावाच्या मैदानावर, तोफा सुरू झाल्या की आमच्या फडताळातली पितळी भांडी थरथरायची आणि आजी म्हणायची, "लागले बार व्हायला." पुढे आयुष्यभर शाळेत भौतिकशास्त्र शिकवलं. बंदुकीबद्दलचे प्रश्न मात्र मुलांइतकेच त्यांच्या आईवडिलांनीही विचारले, आणि निवृत्तीनंतर ते व्हॉट्सअ‍ॅपवर येऊ लागले. त्यातले पुन्हा पुन्हा येणारे इथे एकत्र केले आहेत. बंदूक किंवा दारू कशी बनवायची असंही काही जण विचारतात. त्यांना मी उत्तर देत नाही, इथेही दिलेलं नाही.

१. गोळी आणि काडतूस यात फरक काय? आम्ही तर दोन्हींना गोळीच म्हणतो.

काडतूस हा चार वस्तूंचा जोड आहे. बाहेरून दिसते ती पितळेची पुंगळी. तिच्या बुडाशी प्रायमर नावाची छोटीशी वाटी असते. तिच्यात ठोका बसताच पेट घेणारं रसायन असतं. पुंगळीच्या पोटात दारू आणि तोंडाशी घट्ट बसवलेली गोळी. ही गोळी बहुतेक वेळा आतून शिशाची, वरून तांब्याच्या आवरणाची असते. चाप ओढला की पिन प्रायमरवर आदळते, तिथली ज्योत दारूला लागते, दारूचा वायू होतो आणि तो गोळीला पुढे लोटतो. नळीबाहेर जाते ती फक्त गोळी. पुंगळी मागे राहते किंवा बाजूला उडून पडते. त्यामुळे पोस्टरवर पुंगळीसकट उडणारी गोळी दिसली की समजा, चित्रकाराने काडतूस कधी हातात घेतलेलं नाही.

शब्दांचा प्रवासही सांगण्यासारखा आहे. काडतूस आणि पिस्तूल हे शब्द आपल्याकडे पोर्तुगिजांकडून आले, तोफ तुर्कीतून. हत्यारं आली त्या वाटेनेच त्यांची नावं आली.

२. बातमीत "एक गावठी कट्टा व दोन जिवंत काडतुसे जप्त" असं असतं. जिवंत म्हणजे काय?

ज्याचा प्रायमर अजून पेटलेला नाही आणि ज्यात दारू व गोळी शाबूत आहे, ते जिवंत. उडून गेलेल्याची उरते ती रिकामी पुंगळी.

याला एक फसवा अपवाद आहे. प्रायमरवर पिनेचा ठसा दिसतो, पण बार झालेला नाही, असं काडतूस लोक मेलेलं समजतात. ते मेलेलं नसतं. कधी कधी प्रायमर धुमसत राहतो आणि दारू क्षणभर उशिरा पेट घेते. म्हणून रेंजवर असं झालं की नळी लक्ष्याकडेच रोखून निदान अर्धा मिनिट थांबतात, आणि मगच काडतूस बाहेर काढतात.

३. आजोबांच्या ट्रंकेत जुनं काडतूस सापडलं. फेकून देऊ का?

नाही. कचऱ्यात नको, विहिरीत नको, चुलीत तर मुळीच नको (प्रश्न १२ पाहा). आहे तिथे राहू द्या, मुलांना लांब ठेवा आणि जवळच्या पोलीस ठाण्याला फोन करून सांगा. परवान्याशिवाय काडतूस जवळ बाळगणं १९५९च्या शस्त्र कायद्याने गुन्हा आहे. पण ताबा जाणीवपूर्वक होता का, हेही न्यायालयं पाहतात. सापडल्याबरोबर स्वतःहून कळवणारा माणूस त्यामुळे सुरक्षित बाजूला असतो. पिशवीत घालून स्कूटरवरून ठाण्यात नेऊ नका, त्यांना घरी येऊ द्या.

४. बंदुकीत स्फोट होतो की दारू नुसती जळते?

जळते. बाकीची बरीच उत्तरं या एका गोष्टीवर उभी आहेत, म्हणून इथे जरा थांबते.

दिवाळीतला भुईनळा आठवा. त्यातली दारू फुलं उधळत निवांत जळते. सुतळी बॉम्बमधली दारू थोडी वेगळी असते, पण खरी करामत त्याला घट्ट गुंडाळलेल्या सुतळीची. दारू जळून झालेल्या वायूला वाट मिळत नाही, दाब चढतो, दाबामुळे आणि उष्णतेमुळे उरलेली दारू आणखी वेगाने जळते आणि शेवटी वेष्टण फाटतं. भुईनळ्याला वरून भोक आहे, सुतळी बॉम्बला नाही.

बंदुकीत हा कोंडमारा मोजून मापून केलेला असतो. पुंगळी, तिच्यामागचा पोलादी अडसर आणि नळी यांनी वायूला सगळीकडून कोंडायचं आणि फक्त गोळीच्या बाजूने वाट द्यायची. नऊ मिलिमीटरच्या पिस्तुलात हा दाब वातावरणाच्या २,३०० पटींच्या घरात जातो. तुमच्या गाडीच्या टायरमध्ये असतो त्याच्या सुमारे हजारपट. आणि हे सगळं एक हजारांश सेकंदाच्या आसपास आटोपतं.

खरा स्फोट याहून वेगळा. टीएनटीसारख्या पदार्थात ज्वलनाची लाट त्या पदार्थातल्या ध्वनीच्या वेगापेक्षाही जोरात धावते. त्याला कोंडायचीही गरज लागत नाही. म्हणून तोफेच्या बाराला दोन स्वभावांचे पदार्थ लागतात: मागून ढकलणारी जळती दारू, आणि गोळ्याच्या पोटात फुटणारं स्फोटक.

जुनी काळी दारू सोरा, गंधक आणि कोळसा यांची. तिचा अर्ध्याहून जास्त भाग धूर आणि काजळी होऊन उरतो. १८८४मध्ये फ्रान्सच्या पॉल व्हिएय यांनी नायट्रोसेल्युलोजपासून बिनधुराची दारू तयार केली आणि बंदुकांचं जग बदललं (प्रश्न २० पाहा).

५. नळीच्या आत पिळाचे आटे कशाला असतात?

भोवऱ्यासाठी. फिरणारा भोवरा टोकावर उभा राहतो, फिरणं थांबलं की लवंडतो. लांबट गोळीही फिरली नाही तर हवेत कोलांट्या खात जाईल. म्हणून नळीच्या आत पीळ कोरलेला असतो आणि गोळी त्यात घासत, फिरत बाहेर पडते. रायफलची गोळी मिनिटाला दोन-तीन लाख फेरे या गतीने फिरत असते. छऱ्यांच्या बंदुकीची नळी गुळगुळीत असते, कारण छरे फिरवून काही उपयोग नाही.

६. हिवाळ्यात पहाटे देवळालीच्या तोफा घराच्या मागे वाजल्यासारख्या का वाटतात? दुपारी त्याच ऐकूही येत नाहीत.

हा प्रश्न पाथर्डी फाटा, वडनेर, विहितगाव, लहवित अशा सगळ्या बाजूंनी येतो आणि माझ्या सर्वांत आवडीचा आहे.

आवाज गरम हवेत जोरात धावतो, थंड हवेत सावकाश. दुपारी जमीन तापलेली असते, खालची हवा गरम आणि वरची थंड. अशा वेळी आवाजाची लाट वरच्या बाजूला वळते आणि तुमच्या डोक्यावरून निघून जाते. हिवाळ्याच्या पहाटे उलट होतं. निफाडकडे पारा एक आकडी होतो तेव्हा थंड, जड हवा जमिनीलगत बसलेली असते आणि तिच्यावर उबदार हवेचा थर. आता लाट खाली वळते, जमिनीवर आपटून उठते, पुन्हा खाली वळते आणि मैलोन्मैल येते. पहाटे लांबच्या रेल्वेचा भोंगा स्पष्ट ऐकू येतो तोही याच कारणाने.

काचा का वाजतात? तोफेच्या आवाजात फार खालच्या पट्टीच्या लहरी असतात. त्या कानाला कमी जाणवतात, पण सैल बसलेल्या तावदानाला हलवायला पुरतात. एका बारामागे दोन आवाज येतात तेव्हा पहिला बहुधा तोफेचा आणि दुसरा गोळा पडून फुटल्याचा किंवा डोंगरावरून आलेला पडसाद असतो. रात्री चमक दिसली तर सेकंद मोजा. तीन सेकंदांना एक किलोमीटर, हा हिशेब वीज आणि तोफ दोघांनाही लागू पडतो.

७. गोळी सरळ रेषेत जाते ना?

नाही. नळीतून सुटताक्षणी ती खाली पडायला लागते, हातातून सुटलेल्या लिंबासारखी. सपाट मैदानावर खांद्याच्या उंचीवरून रायफल अगदी आडवी धरून गोळी झाडली आणि त्याच क्षणी त्याच उंचीवरून दुसरी गोळी हाताने सोडली, तर दोन्ही जमिनीला जवळजवळ एकाच वेळी टेकतात: अर्ध्या सेकंदाहून किंचित जास्त वेळात. फरक एवढाच की एक पायाशी पडते आणि दुसरी चार-पाचशे मीटरवर.

"गोळी आधी वर चढते" असं ज्यांना वाटतं ते दिसतं ते बरोबर सांगतात, कारण मात्र चुकीचं देतात. नेम धरायची रेषा आणि नळी यांत मुद्दामच बारीक कोन ठेवलेला असतो, म्हणजे नळी किंचित वर रोखलेली असते. नाशिकच्या क्रीडा प्रबोधिनीत नेमबाजी शिकलेल्या स्वप्नील कुसाळे यांनी २०२४च्या पॅरिस ऑलिंपिकमध्ये ५० मीटर रायफलचं कांस्यपदक मिळवलं. त्या अंतरात त्यांच्या रायफलची गोळी बारा-तेरा सेंटिमीटर खाली येते, आणि दहा गुणांचं वर्तुळ असतं जेमतेम एक सेंटिमीटर रुंद. घसरणीचा हिशेब आधीच नेमात बसवलेला नसेल तर गोळी त्या वर्तुळाच्या आसपासही जाणार नाही.

८. सिनेमात गोळी लागली की माणूस पाच फूट मागे उडतो. खरंच एवढा धक्का असतो?

मुलांकडून हे गणित मी फळ्यावर करून घ्यायचे. नऊ मिलिमीटरची गोळी साधारण आठ ग्रॅमची, वेग सेकंदाला ३६० मीटर. वस्तुमान गुणिले वेग केला की संवेग येतो २.९ च्या आसपास. आता क्रिकेटचा चेंडू घ्या: १६० ग्रॅम, ताशी १४० किलोमीटर. त्याचा संवेग ६.२. म्हणजे वेगवान गोलंदाजाच्या चेंडूचा धक्का पिस्तुलाच्या गोळीच्या दुप्पट. बरगडीवर चेंडू बसलेला फलंदाज कळवळतो, पण यष्टिरक्षकाच्या अंगावर जाऊन पडत नाही. सत्तर किलोच्या माणसाला ती गोळी सेकंदाला चार सेंटिमीटर एवढीच गती देऊ शकते.

मग गोळी मारते कशी? ऊर्जेचं गणित वेगळं आहे, कारण तिथे वेगाचा वर्ग येतो. गोळीत सुमारे ५२० ज्यूल, चेंडूत १२०. ही चौपट ऊर्जा करंगळीच्या नखाएवढ्या जागेवर येते आणि शरीर भेदते. गोळी लागलेली माणसं बहुधा जागच्या जागी कोसळतात, काही तर थोडं अंतर चालत जातात. लागलं आहे हे कित्येकांना रक्त दिसल्यावर कळतं.

आणखी एक ताळा असा की गोळीचा धक्का माणसाला उडवण्याएवढा असता, तर झाडणाराही तेवढ्याच जोराने मागे पडला असता.

९. वरातीत कुणी हवेत गोळी झाडली तर बिघडतं काय? ती वरच जाते ना.

वर गेलेली गोळी खाली येते आणि कुठे येते ते झाडणाऱ्याच्या हातात नसतं. अगदी सरळ वर गेलेली रायफलची गोळी परत येताना हवेच्या विरोधामुळे तिचा वेग बराच कमी होतो. अमेरिकी सैन्याच्या जुन्या चाचण्यांत तो सेकंदाला सुमारे ९० मीटर भरला होता. पण कातडी फाटायला साठेक मीटरचा वेग पुरतो. गच्चीवरून वरात पाहणारं मूल, मांडवाबाहेर पानं मांडणारे लोक, सगळ्यांची डोकी उघडी असतात.

प्रत्यक्षात हात कधीच नेमका सरळ वर नसतो. तिरकी गेलेली गोळी कमान करत, फिरत, टोक पुढे ठेवूनच उतरते आणि तिचा वेग फारसा मोडत नाही. बळी बहुतेक अशाच गोळ्यांनी जातात. शस्त्र कायद्यातल्या २०१९च्या दुरुस्तीनंतर समारंभात निष्काळजीपणे असा गोळीबार करणाऱ्याला दोन वर्षांपर्यंत कैद, एक लाखापर्यंत दंड किंवा दोन्ही होऊ शकतं, कुणाला इजा झाली नाही तरी. मला विचाराल तर ज्या लग्नात बंदूक बाहेर येते तिथून मुलांना घेऊन निघून यावं. आग्रह मोडला तरी चालेल.

१०. सायलेन्सर लावला की फक्त "फुस्स" आवाज येतो का?

येत नाही. बंदुकीच्या आवाजात दोन भाग असतात. एक, नळीच्या तोंडाशी दाबलेला वायू एकदम सुटल्याचा. दुसरा, ध्वनीहून वेगाने जाणाऱ्या गोळीने हवेत ओढलेला चाबकासारखा कडाका. सायलेन्सर वायूला कप्प्याकप्प्यांतून सावकाश सोडतो, म्हणजे पहिला आवाज घटतो. दुसऱ्याचं तो काही करू शकत नाही. १६० डेसिबलचा आवाज १३०च्या आसपास येतो, आणि तो शेजारच्या घरात सहज ऐकू जाईल एवढा असतो.

हायरम पर्सी मॅक्सिम यांनी १९०९मध्ये या उपकरणाचं पेटंट घेतलं. गाडीच्या इंजिनाचा आवाज कमी करण्यामागचं तत्त्व हेच.

११. पेट्रोलच्या टाकीला किंवा गॅस सिलेंडरला गोळी लागली की स्फोट होतो ना?

साध्या गोळीने सहसा होत नाही. शिसं आणि तांबं पोलादावर घासून ठिणगी पाडत नाहीत. दुसरं म्हणजे पातळ पेट्रोल जळतच नाही, जळते ती त्याची वाफ. हवेत वाफेचं प्रमाण साधारण दीड ते साडेसात टक्के असेल तरच ती पेट घेते. भरलेल्या टाकीत वाफ इतकी दाट असते की जळायला हवाच पुरत नाही. भोक पडतं आणि पेट्रोल गळतं, एवढंच. अर्धवट रिकामी टाकी भरलेलीपेक्षा धोक्याची असते.

अपवाद आहेत. ट्रेसर गोळीच्या बुडाशी जळणारं रसायन असतं (लाल रंग स्ट्रॉन्शियमचा), ते पेटवू शकतं. पोलादी गाभ्याच्या गोळीने ठिणगी पडू शकते. उन्हाळ्यात वाळलेल्या गवताला ट्रेसरने आग लागते, म्हणून रेंजवर त्याची खबरदारी घेतात.

सिलेंडरचंही तसंच. भोक पडलं तर गॅस सुसाट बाहेर येईल, पण पेटायला ज्योत किंवा ठिणगी लागेल. घरात मात्र ती ठिणगी आपणच पुरवतो. गॅसचा वास आला की दिवा लावू नका, चालू असलेला पंखा बंदही करू नका, कारण बटणातही ठिणगी पडते. रेग्युलेटर बंद करा, खिडक्या उघडा, घराबाहेर पडा. सिलेंडर खऱ्या अर्थाने फुटतो तो आगीत सापडल्यावर: आतला द्रव उकळतो, दाब चढतो आणि तापून मऊ झालेलं पोलाद फाटतं. पुन्हा प्रश्न ४ मधला कोंडमाराच.

१२. काडतूस आगीत पडलं तर गोळी सुटते का?

सुटं काडतूस आगीत तापलं तर दारू पेटते, पण भोवती नळी नसल्याने वायूला दिशा नसते. पुंगळी फाटते. गोळी पुंगळीपेक्षा जड, म्हणून ती जवळच पडते आणि पितळेचे तुकडे व प्रायमरची वाटी उडते. तेवढ्यानेही डोळा जाऊ शकतो. भरलेली बंदूक आगीत सापडली तर मात्र नळीतलं काडतूस नेहमीसारखीच गोळी झाडेल. अग्निशमन दलाच्या जवानांना म्हणूनच घरात बंदूक आहे की नाही हे आधी सांगावं.

काडतुसांच्या पेटीची ही गत झाली, मोठ्या दारूगोळ्याची वेगळी होते. १४ एप्रिल १९४४ रोजी मुंबईच्या व्हिक्टोरिया गोदीत फोर्ट स्टिकिन या जहाजावर सुमारे १,४०० टन स्फोटकं आणि कापसाच्या गाठी एकाच पोटात होत्या. कापूस धुमसत राहिला, उष्णता साठत गेली आणि दुपारी चारनंतर दोन प्रचंड स्फोट झाले. आग विझवायला गेलेले ६६ जवान गेले. त्यांच्या स्मरणार्थ १४ एप्रिल हा देशभर अग्निशमन सेवा दिन म्हणून पाळतात. जे पेटतं ते आणि जे फुटतं ते शेजारी ठेवायचं नाही, हा नियम या माणसांच्या जिवावर शिकलेला आहे. दिवाळीत फटाक्यांचा साठा देवघराजवळ ठेवणाऱ्या घरांना मी हीच गोष्ट सांगते.

१३. अवकाशात हवा नाही, मग बंदूक चालेल का? आणि पाण्याखाली?

दोन्हीकडे चालेल. दारू जळायला लागणारा ऑक्सिजन दारूतच बांधलेला असतो, बाहेरच्या हवेची गरज नसते. अवकाशात गोळी वेग न गमावता जात राहील आणि झाडणारा हळूहळू उलट दिशेला सरकेल. पाण्यात मात्र गोळीची ताकद पटकन जिरते. वेगवान रायफलची गोळी तर मीटरभरात तुकडे होऊन थांबते, कारण जितका वेग जास्त तितका पाण्याचा विरोध कितीतरी पटींनी जास्त.

१४. गोळी एवढी तापते, मग तिच्यावरचे जंतू मरत असतील? आणि ती काढलीच पाहिजे का?

जंतू मरत नाहीत. गरम वायूशी तिचा संपर्क हजारांश सेकंदाचा असतो. शिवाय ती कपड्याचे धागे आणि धूळ जखमेत घेऊन जाते. म्हणून धनुर्वाताची लस आणि प्रतिजैविकं लागतातच.

काढायचं म्हणाल, तर सिनेमात चिमट्याने गोळी काढली की माणूस वाचतो. प्रत्यक्षात डॉक्टर आधी रक्त थांबवतात, आतड्यांची आणि रक्तवाहिन्यांची दुरुस्ती करतात. स्नायूत रुतलेली गोळी कित्येकदा तशीच ठेवतात, कारण काढताना जास्त नुकसान होतं. सांध्यात किंवा मणक्याच्या द्रवात असेल तर शिसं विरघळत राहतं, तेव्हा ती काढावी लागते. कुणाला गोळी लागली तर स्वच्छ कापड जखमेवर घट्ट दाबून धरा आणि १०८ला फोन करा. आत बोट घालून शोधू नका.

१५. कारच्या दाराआड लपलं तर वाचतो का?

नाही. दाराचा पत्रा मिलिमीटरच्या आसपास जाड असतो. गाडीत गोळी थांबवण्याजोगं म्हणजे इंजिन. वाळूची पोती मात्र उत्तम. कण एकमेकांवर घासत सरकतात आणि ऊर्जा शोषतात. रेंजच्या टोकाला मातीचा बांध असतो तो यासाठीच.

१६. गावठी कट्टा झाडणाऱ्याच्याच हातात का फुटतो?

प्रश्न ४ मधला २,३०० पट दाब आठवा. कारखान्यात नळीचं पोलाद ठरावीक मिश्रणाचं असतं, त्यावर उष्णतेची प्रक्रिया होते, आणि प्रत्येक नळीची नेहमीपेक्षा जास्त दाबाचं काडतूस झाडून परीक्षा घेतात. कट्ट्यात यातलं काहीच नसतं. काडतूस सैल बसलं की पुंगळी फाटते आणि वायू मागे, झाडणाऱ्याच्या तोंडाकडे येतो. पहिल्या बाराला टिकला म्हणजे मजबूत आहे असंही नाही, कारण प्रत्येक बार धातूतली बारीक चीर वाढवत नेतो.

१७. गॅदरिंगच्या नाटकात ब्लँक काडतूस वापरलं तर चालतं ना? त्यात गोळीच नसते.

गोळी नसते, पण दारू असते. नळीच्या तोंडातून तापलेला वायू आणि पुंगळी बंद करायला लावलेला बोळा सुसाट बाहेर पडतो. कानशिलाजवळ झाडलं तर हाड फुटू शकतं. जगभरात अशी माणसं मेली आहेत. शाळेच्या नाटकाला ध्वनिमुद्रित आवाज पुरतो. एका शाळेत मी यावर अडून बसले होते आणि त्याचा मला आजही पस्तावा नाही.

१८. हातावर दारूचे कण सापडले म्हणजे गोळी त्यानेच झाडली, हे सिद्ध होतं का?

एकट्या त्यावरून होत नाही. नाशिक जिल्ह्यात हा मुद्दा विशेष महत्त्वाचा आहे. पूर्वी हातावर गरम मेण ओतून, ते सोलून, त्यावर नायट्रेटची रासायनिक चाचणी करत. द्राक्षबागेत फवारतात ते १३:०:४५ हे विद्राव्य खत म्हणजे पोटॅशियम नायट्रेट, शुद्ध सोराच. पिंपळगाव-दिंडोरीकडचा कोणताही बागायतदार त्या चाचणीत "गोळी झाडलेला" ठरला असता. तंबाखूनेही तेच झालं असतं. म्हणून ती चाचणी मागे पडली.

आता इलेक्ट्रॉन सूक्ष्मदर्शकाखाली शिसं, बेरियम आणि अँटिमनी एकत्र वितळून झालेले गोल कण शोधतात. ते प्रायमरमधून येतात. तरीही ते शेजारी उभ्या असलेल्याच्या अंगावर बसू शकतात आणि हात धुतल्यावर निघून जातात. म्हणजे सापडले तरी आणि सापडले नाहीत तरी निकाल त्यावरच लागत नाही. जास्त भक्कम पुरावा गोळीवरच्या आट्यांच्या ओरखड्यांचा (प्रश्न ५). कट्ट्याची नळी गुळगुळीत असल्याने गोळीवर असे ओरखडे नसतात, पण पिनेची खूण पुंगळीच्या बुडावर राहते.

१९. बिबट्याला बेशुद्धीची गोळी मारली की तो लगेच का पडत नाही? वन विभाग वेळ का लावतो?

ती गोळी नसतेच. सुईची पिचकारी असते, दाबलेल्या वायूने हलकेच सोडलेली. जोरात सोडली तर तीच बिबट्याला मारेल. औषध स्नायूत जातं, तिथून रक्तात, रक्तातून मेंदूत. याला पाच-दहा मिनिटं लागतात, आणि घाबरून पळणाऱ्या जनावराला त्याहूनही जास्त. वजनाचा अंदाज चुकला तर औषध एक तर कमी पडतं किंवा जीव घेतं.

ती दहा मिनिटं सर्वांत धोक्याची. सुई टोचलेला, बिथरलेला बिबट्या समोर असतो आणि गर्दी मोबाइल घेऊन पुढे सरकते. उसाच्या पट्ट्यात राहणाऱ्यांना मी हात जोडून सांगते, त्या वेळी दार लावून घरात बसा. गर्दी पांगली की वन विभागाच्या लोकांचं निम्मं काम सोपं होतं.

२०. जॅक्सनवर गोळ्या झाडल्या त्या पिस्तुलाचं एवढं काय विशेष होतं?

२१ डिसेंबर १९०९ रोजी नाशिकच्या विजयानंद नाट्यगृहात अनंत कान्हेरे यांनी कलेक्टर जॅक्सनवर गोळ्या झाडल्या त्या ब्राउनिंग पिस्तुलातून. लंडनहून सावरकरांनी चतुर्भुज अमीन यांच्या हाती पाठवलेल्या वीस पिस्तुलांपैकी ते एक. कान्हेरे आणि त्यांचे साथीदार कर्वे व देशपांडे यांना १९ एप्रिल १९१० रोजी ठाण्याच्या तुरुंगात फाशी झाली.

विज्ञानाच्या बाजूने पाहिलं तर हे पिस्तूल तेव्हा अगदी नव्या पिढीचं होतं. एक गोळी सुटली की तिच्याच मागच्या धक्क्याने पुंगळी बाहेर पडते आणि नवं काडतूस नळीत येतं. ही नाजूक यंत्रणा काळ्या दारूवर चालूच शकली नसती, चार-दोन बारांत काजळीने अडकली असती. बिनधुराची दारू आली म्हणून कोटाच्या खिशात मावणारं असं हत्यार शक्य झालं. ठासणीची बंदूक घेऊन त्या नाट्यगृहात शिरणं कुणालाच जमलं नसतं.

२१. बागेतली पाखरं हाकायला पाइपची कार्बाइड बंदूक मिळते. ती तर खेळणंच आहे ना?

नाही, आणि हे मी सर्वांत कळकळीने लिहिते आहे. कार्बाइडपासून निघतो तो अ‍ॅसिटिलीन वायू. पेट्रोलची वाफ हवेतल्या चिमूटभर टक्क्यांतच पेटते (प्रश्न ११), तर अ‍ॅसिटिलीन अडीच टक्क्यांपासून ऐंशी टक्क्यांपर्यंत कोणत्याही प्रमाणात पेटतो. म्हणजे "जास्त झालं तर पेटणार नाही" ही सोयच नाही. प्लास्टिकचा पाइप हा दाब सोसण्यासाठी केलेला नसतो. बार होत नाही म्हणून मूल आत डोकावतं, आणि नेमका तेव्हाच होतो. २०२५च्या दिवाळीत भोपाळ आणि मध्य प्रदेशातल्या इतर शहरांत कितीतरी मुलांच्या डोळ्यांना अशी इजा झाली.

भाजण्याइतकंच वाईट म्हणजे कार्बाइडमधून वायू निघाल्यावर उरणारा आणि बारासोबत उडणारा चुना. चुना ही अल्कली, आणि अल्कली डोळ्यात आम्लापेक्षा खोल शिरत जाते. असं झालं तर डोळा चोळू नका, लगेच स्वच्छ वाहत्या पाण्याने पंधरा-वीस मिनिटं धुवा आणि थेट नेत्ररुग्णालय गाठा. पाखरांसाठी जाळी आणि चमकत्या पट्ट्या आहेत, त्या वापरा.

२२. रेंजच्या बाजूला गंजलेला तोफगोळा पडलेला दिसला. इतकी वर्षं फुटला नाही, म्हणजे निकामीच असणार?

अगदी उलट. कारण गोळ्याच्या टोकावरच्या फ्यूजमध्ये आहे. वाहतुकीत गोळा आपटला तरी फुटू नये म्हणून फ्यूजमध्ये आतून कड्या लावलेल्या असतात. त्या उघडायला दोन गोष्टी लागतात: तोफेतून सुटतानाचा जबरदस्त झटका, जो गुरुत्वाकर्षणाच्या दहा हजार पटींच्या घरात असतो, आणि नळीच्या आट्यांमुळे मिळालेली फिरकी. म्हणजे भांडारातला नवा गोळा कडीकुलपात झोपलेला असतो. रेंजवर पडलेल्याच्या सगळ्या कड्या उघडून झालेल्या असतात आणि शेवटचा ठोका तेवढा अडकलेला असतो. तो कशाने बसेल सांगता येत नाही. पायाच्या धक्क्याने, गुराच्या खुराने, भंगारासाठी मारलेल्या हातोड्याने. वर्षांनी स्फोटक निवत नाही, गंजाने ते कधी जास्तच हळवं होतं.

हात लावू नका, दगड मारू नका, फोटोसाठी जवळ जाऊ नका. आलात त्याच वाटेने, शक्य तितकं स्वतःच्याच पावलांवरून मागे फिरा. लांबून एखादी खूण ठेवा, गुरं आणि मुलं दुसरीकडे वळवा आणि ११२ला फोन करून जागा सांगा. लष्कराचं पथक येऊन तो गोळा बहुधा जागेवरच निकामी करतं. उचलून नेत नाहीत, कारण उचलणं त्यांनाही धोक्याचं असतं.